सहा नंबरचं देणं

कॅसेट आणली होती मॅराडोनासाठी. १९८६ ची दिवाळी नुकतीच सरली होती. त्या उन्हाळ्यात मेक्सिकोतला वर्ल्ड कप होऊन गेलेला आणि कोल्हापुरातल्या निम्म्या पेठा अर्जेंटिनाच्या झालेल्या. आमच्या गल्लीतल्या एकाचा थोरला भाऊ कुवेतला नोकरीला होता. त्यानं सुट्टीवर येताना एक व्हीएचएस कॅसेट आणली. वर बॉलपेननं एकच शब्द लिहिला होता, 'मॅराडोना'. आम्ही दोन-दोन रुपये वर्गणी काढली, रंगीत टीव्ही आणि व्हीसीआर एका रात्रीपुरता भाड्यानं आणला, तालमीच्या माडीवर सतरंज्या अंथरल्या आणि तीसेक पोरं मांडीला मांडी लावून बसली.

सामना निघाला चार वर्षांपूर्वीचा. २९ जून १९८२, बार्सिलोनातलं सारिया स्टेडियम, इटली विरुद्ध अर्जेंटिना.

दहा मिनिटांत माडीवर शिव्या सुरू झाल्या. मॅराडोनाकडं चेंडू आला रे आला की काळ्या कुरळ्या केसांचा, जाड मिशीचा एक गडी त्याच्या पाठीला चिकटलेला. निळा शर्ट, सहा नंबर. हा ढकलायचा, शर्ट ओढायचा, पायात पाय घालायचा. मॅराडोना पडायचा, उठायचा, रेफ्रीकडं बघून हात पसरायचा, की परत तेच. 'अरे, खेळू दे की त्याला!' कुणीतरी टीव्हीवरच ओरडलं. वर्गणी परत मागण्यापर्यंत वेळ आली. जादू बघायला बोलावलं आणि जादूगाराला खांबाला बांधून ठेवलेलं दाखवलं, असा सगळ्यांचा चेहरा.

दारापाशी आमचे वस्ताद बसले होते. तालीम कुस्तीची, माडी तालमीची, म्हणून रात्री पोरं काय करतात हे बघायला आलेले. फुटबॉलला त्यांनी आयुष्यात पाय लावला नव्हता. अर्धा तास ते गप्प होते. मग म्हणाले, "त्यो मिशीवाला बगा. चेंडूकडं बगतोय का? न्हाई. त्येची नजर कमरंवर हाय. पाय फसवत्यात, कंबर फसवत न्हाई. ह्यो कुस्तीतला गडी हाय."

पोरं हसली. मी हसलो नाही. मी सोळा वर्षांचा होतो, मागच्या रांगेत भिंतीला टेकून बसलो होतो, आणि वस्तादांच्या त्या वाक्यानंतर उरलेला सामना मी मॅराडोनाकडं न बघता बघितला.

माझ्या पायात कला नव्हती, हे इथंच सांगून टाकतो. चेंडू माझ्याकडं आला की तो माझ्यावर उपकार केल्यासारखा थांबायचा आणि लगेच निघून जायचा. अंगानं दणकट म्हणून मला बॅकला उभं करत. आमच्या वेळी बॅकला उभं करणं म्हणजे घरातल्या मुक्या पोराला दुकानाच्या दारात बसवण्यासारखं होतं. आला कोण, गेला कोण, एवढं बघ. त्या रात्री मला कळलं की ही जागा उरल्यासुरल्याची नाही, हा एक धंदा आहे. त्यात अभ्यास आहे. तो अभ्यास करणाऱ्या माणसाचं नाव क्लाउदिओ जेंतिले. पेठेत पुढं कित्येक वर्षं त्याचा उच्चार 'जंटील' असा व्हायचा, आणि काही दिवस तो मलाही चिकटला होता.

त्याची माहिती मी पुढं वीस वर्षं तुकड्यातुकड्यांनी गोळा केली. वाचनालयातले जुने अंक, रद्दीत सापडलेली क्रीडा मासिकं, मग सायबर कॅफे. जन्म २७ सप्टेंबर १९५३ चा, आणि तो इटलीत नव्हे तर लिबियात, त्रिपोलीत. आईबाप इटालियन. पोरगा सात-आठ वर्षांचा असताना कुटुंब इटलीला परतलं आणि उत्तरेला कोमोच्या बाजूला स्थिरावलं. लिबियात जन्मलेला म्हणून संघातले त्याला 'गद्दाफी' म्हणायचे. आरोना नावाच्या छोट्या क्लबातून वारेझे, आणि १९७३ मध्ये युव्हेंटस. तिथं अकरा वर्षं. सहा वेळा इटलीचं लीग विजेतेपद, १९७७ चा यूएफा कप, १९८४ चा कप विनर्स कप. इटलीकडून ७१ सामने, गोल एक. हा एकचा आकडा मला फार आवडायचा. मला वाटायचं, माझ्यात आणि त्याच्यात निदान या एका बाबतीत फारसा फरक नाही.

आणि त्याच्या आडनावाचा अर्थ? 'जेंतिले' म्हणजे सौम्य, सुशील, अदबीचा. नाव सोनूबाई आणि हाती कथलाचा वाळा! जगभरच्या पत्रकारांनी हा विनोद इतका वापरला की त्याची धार कधीच गेली.

१९८२ च्या त्या स्पर्धेत इटली आली ती रडतखडत. पहिल्या गटात तीन सामने, तिन्ही बरोबरीत. पोलंडशी ०-०, पेरूशी १-१, कॅमेरूनशी १-१. मायदेशातल्या वर्तमानपत्रांनी इतकं झोडपलं की खेळाडूंनी पत्रकारांशी बोलणंच बंद केलं. आणि पुढच्या गटात समोर कोण, तर जगज्जेती अर्जेंटिना आणि झिको, सॉक्रेटिस, फाल्कावचा ब्राझील. एन्झो बेअरझोत हे प्रशिक्षक. त्यांनी जेंतिलेला विचारलं, मॅराडोनाला धरशील का? याला आधी ती थट्टा वाटली. थट्टा नाही हे कळल्यावर गड्यानं मॅराडोनाच्या सामन्यांच्या फिती मागवल्या आणि दोन दिवस त्या बघत बसला. चेंडू कुठं घेतो, कोणत्या बाजूनं वळतो, पाठ केव्हा देतो. ज्याला मोडायचं आहे त्याचा इतका अभ्यास त्याच्या चाहत्यांनीसुद्धा केला नसेल.

त्या सामन्यात मॅराडोनावर २३ फाऊल झाले. वर्ल्ड कपच्या एका सामन्यात एका खेळाडूवर झालेल्या फाऊलांचा हा विक्रम आहे आणि जग ते सगळे जेंतिलेच्याच खात्यावर लावतं. कार्ड मिळालं एक, पिवळं. इटली २-१ नं जिंकली. सामन्यानंतर त्यानं सांगून टाकलं की फुटबॉल हा नाचऱ्या मुलींचा खेळ नव्हे. सहा दिवसांनी, ५ जुलैला, त्याच मैदानावर ब्राझील. पाओलो रॉस्सीचे तीन गोल, ३-२, तो सामना सगळ्यांना पाठ आहे. त्यातला जेंतिलेचा वाटा म्हणजे झिकोचा फाटलेला शर्ट. झिको तो फाटका पिवळा शर्ट रेफ्रीला दाखवत राहिला आणि रेफ्रीनं मानलं नाही. मात्र दुसऱ्या पिवळ्या कार्डामुळं जेंतिले उपांत्य सामन्याला बाहेर बसला.

आता खरं सांगायचं तर त्यातलं बरंच आजच्या नियमात बसणार नाही. १९९८ च्या वर्ल्ड कपपासून मागून केलेल्या धोकादायक टॅकलला थेट लाल कार्ड दाखवा, असं रेफ्रींना बजावण्यात आलं. आजच्या रेफ्रीपुढं सारियातला तो सहा नंबर मध्यंतर बघता ना. सुंदर खेळाचं त्या दोन सामन्यांत नुकसान झालं, असं म्हणणाऱ्यांशी मी भांडत नाही. त्यांचं बरोबर आहे. पण एक गोष्ट ते सांगत नाहीत. ११ जुलैला माद्रिदला फायनल होती, पश्चिम जर्मनीशी. पहिल्या अर्ध्यात काब्रिनीनं पेनल्टी बाहेर मारली, ०-०. ५७ व्या मिनिटाला उजव्या बगलेवरून एक क्रॉस आला, आणि रॉस्सीनं डोकं घालून पहिला गोल केला. तो क्रॉस जेंतिलेचा. लोकांच्या पायात पाय घालणारा म्हणून जग ज्याला ओळखतं, त्याच्या पायातून वर्ल्ड कपच्या फायनलचा कुलूपबंद दरवाजा उघडला होता. हे मला कळायला पुढची कितीतरी वर्षं लागली. आमच्या कॅसेटवर फायनल नव्हती.

आमच्या कॅसेटवर फक्त मॅराडोनाचा सामना होता, आणि मी तेवढंच शिकलो.

१९९०. शाहू स्टेडियमवर एका स्पर्धेची फायनल. कोल्हापूरची फायनल काय असते हे बाहेरच्याला सांगून कळत नाही. दोन पेठा समोरासमोर, हलगी, भोंगे, गॅलरीत पाय ठेवायला जागा नाही, आणि ईर्षा अशी की घरात पाहुणा समोरच्या पेठेतला असेल तर त्याला त्या दिवशी चहा मिळत नाही. समोरच्या संघाचा दहा नंबर पाऱ्यासारखा होता. किरकोळ अंगाचा, डावखुरा. त्याला धरायचं काम माझ्याकडं आलं.

मी अभ्यास केला. खरंच केला. दोन आठवडे पहाटे सायकल मारत त्यांच्या सरावाला जाऊन लांब उभा राहिलो, डोक्याला मफलर बांधून, म्हणजे कुणी ओळखू नये. डावीकडं वळण्याआधी त्याची उजवी कंबर बोटभर खाली जायची. एवढं सापडलं मला. पहिल्या अर्ध्यात त्याला मी एकदाही तोंड फिरवू दिलं नाही. गॅलरीतून कुणीतरी 'जंटील, जंटील' ओरडलं. मध्यंतराला लिंबाची फोड चोखताना मला वाटलं, हे मला येतंय. आयुष्यात पहिल्यांदा काहीतरी येतंय.

दुसऱ्या अर्ध्यात त्यानं मला एकदा वळवलं. साधी हूल होती, पण मी बसलोच खाली, भुईवर. गॅलरी हसली. ते हसणं अजून माझ्या कानात आहे. पुढच्या वेळी तो माझ्यासमोर आला तेव्हा मी कमरेकडं बघितलं नाही. मी गुडघ्याकडं बघितलं.

पिवळं कार्ड. त्याला चौघांनी उचलून नेलं. आम्ही १-० नं जिंकलो, गुलाल उधळला, रात्री गंगावेशीत कट्ट्यावर धारोष्ण दुधाचे ग्लास रिचवले. त्याच्या गुडघ्यातला लिगामेंट गेला होता. तेव्हा दुर्बिणीचं ऑपरेशन वगैरे आमच्यासारख्यांच्या ऐपतीतलं नव्हतं. सहा आठवडे प्लास्टर, मग घरगुती शेक. तो परत शाहू स्टेडियमवर खेळला नाही. तेव्हा तो एकवीस वर्षांचा होता.

मी मनाशी काय म्हणालो ते लिहायला लाज वाटते, पण या लेखात तेच लिहायचं आहे. मी म्हणालो, जेंतिलेनं २३ केले, मी एक. आमच्याकडं ऊसतोडीला जाणारे मुकादमाकडून आधी उचल घेतात, आणि मग सगळा हंगाम ती फेडत राहतात. मी जेंतिलेकडून जे घेतलं होतं ते ज्ञान आहे अशी माझी समजूत होती. ती उचल होती.

आणखी चार हंगाम खेळलो. खेळलो म्हणजे उभा राहिलो. दूध संघात नोकरी लागली, लग्न झालं, वस्ताद वारले. तालमीच्या माडीवर केबल आली. १९९८ च्या सुमारास मंडळातल्यांनी गळ घातली, रविवारी लहान पोरांना घेऊन जात जा मैदानावर. मी वर्षानुवर्षं टाळलं. कारण मी काय शिकवणार? मला एकच येत होतं, आणि ते कुणाला शिकवावं असं मला वाटत नव्हतं.

२००४ च्या जूनमध्ये दुपारच्या सुट्टीत वर्तमानपत्रात क्रीडा पानाच्या तळाशी चार ओळींची बातमी दिसली. इटलीनं २१ वर्षांखालच्यांचं युरोपीय विजेतेपद जिंकलं, बोखुमला फायनलमध्ये सर्बिया आणि माँटेनेग्रोला ३-० नं हरवलं. प्रशिक्षक : क्लाउदिओ जेंतिले. मला वाटलं, नामसाधर्म्य असेल. संध्याकाळी सायबर कॅफेत वीस रुपये मोडून खात्री करून घेतली. तोच. मिशी नव्हती, केस पिकले होते, पण तोच.

२००० पासून तो या पोरांच्या संघाकडं होता. त्याच्या आधी मार्को तार्देल्ली होता, १९८२ च्या फायनलमध्ये गोल करून वेड्यासारखा ओरडत पळत सुटलेला तोच. २००२ ला जेंतिलेची पोरं उपांत्य फेरीपर्यंत पोचली. २००४ ला तर पहिलाच सामना बेलारूसकडून हरली, आणि तिथून सावरून कप घेऊन आली. फायनलचे गोल डॅनियल डी रोस्सी, चेझारे बोवो आणि आल्बेर्तो जिलार्दिनो यांचे. दोनच महिन्यांनी अथेन्स ऑलिंपिक. तिथं आंद्रेआ पिर्लोही याच्या हाताखाली. उपांत्य सामन्यात अर्जेंटिनानं ३-० नं धुतलं. जुनं देणं होतं म्हणा. पण तिसऱ्या जागेसाठी इराकला १-० नं हरवून कांस्य मिळालं. इटलीला ऑलिंपिक फुटबॉलमध्ये पदक मिळालं ते १९३६ नंतर थेट तेव्हा.

मी त्या काचेच्या खोक्यासमोर बसून राहिलो. ज्यानं मॅराडोनाला नव्वद मिनिटं खेळू दिलं नाही, त्याच्या हातात इटलीनं आपली वीस वर्षांची पोरं दिली होती, आणि त्यानं ती खेळवली होती. जिलार्दिनोसारखा गोल करणारा, पिर्लोसारखा चेंडूला मांजरीसारखं कुरवाळणारा. मला वाटलं, ज्याच्याकडून मी फक्त अडवणं घेतलं त्याच्याकडं आणखी काही होतं, आणि मी अर्धीच कॅसेट बघून उठलो होतो. पुढच्या रविवारी मी मैदानावर गेलो. सात पोरं आली होती. दोघांच्या पायात बूट होते.

जेंतिलेच्या उपकारांची गोष्ट इथं संपवता आली असती. पण खरी फेड अजून व्हायची होती, आणि तीही त्याच्याच पोरांमुळं झाली.

१७ जून २००६, जर्मनीतला वर्ल्ड कप, कैझर्सलाउटर्न. इटली विरुद्ध अमेरिका. आपल्याकडं रात्रीचे साडेबारा वाजलेले. घरातले सगळे झोपलेले, मी आवाज बंद करून बसलो होतो. २२ व्या मिनिटाला पिर्लोची फ्री किक, जिलार्दिनोचं सूर मारून हेडर, गोल. मी उशीवर मूठ आपटली. दोघंही जेंतिलेच्या अथेन्सच्या संघातले. २७ व्या मिनिटाला क्रिस्तियान झाकार्दो चेंडू लाथाडायला गेला आणि त्यानं तो आपल्याच जाळ्यात घातला. हाही जेंतिलेचा. आणि २८ व्या मिनिटाला डी रोस्सी उंच चेंडूसाठी उडाला आणि त्याचं कोपर अमेरिकेच्या ब्रायन मॅकब्राइडच्या तोंडावर बसलं. कॅमेरा जवळ गेला. डोळ्याखाली फुटलेलं, रक्त गालावरून ओघळत होतं. लाल कार्ड. सहा मिनिटांत एकाच गुरूच्या तीन पोरांनी गोल, स्वतःवर गोल आणि लाल कार्ड, असं सगळं करून दाखवलं.

ते रक्त बघून मी टीव्ही बंद केला. मला मॅकब्राइड दिसत नव्हता. मला चौघांच्या खांद्यावरून जाणारा एक डावखुरा पोरगा दिसत होता. सोळा वर्षांत पहिल्यांदा.

डी रोस्सीवर चार सामन्यांची बंदी आली. इटली फायनलला पोचली तेव्हा ती संपली होती. ९ जुलै, बर्लिन. दुसऱ्या अर्ध्यात टोट्टीच्या जागी त्याला आणला. पेनल्टी शूटआउटमध्ये पहिली किक पिर्लोची, तिसरी याची. बावीस वर्षांचा पोरगा, तीन आठवड्यांपूर्वी सगळ्या जगानं ज्याला खाटीक ठरवलेलं, तो चेंडू ठेवून मागं आला. मी श्वास धरला. वर डाव्या-उजव्या कोपऱ्यात कुठं गेला ते दिसलंसुद्धा नाही, जाळं हललं तेवढं कळलं.

त्या जगज्जेत्या संघात डी रोस्सी, जिलार्दिनो, बार्झाल्यी, झाकार्दो, आमेलिया हे पाच जण जेंतिलेच्या बोखुमच्या संघातले होते. आणि त्याच महिन्यात फेडरेशननं जेंतिलेला निरोप दिला. करार वाढवला नाही. त्या उन्हाळ्यात पोर्तुगालला त्याचा नवा संघ गटातच बाद झाला होता, हे खरं. पण ज्याची पाच पोरं विश्वविजेती झाली त्याला पुढं कुठला मोठा संघ मिळूच नये, याचं कोडं मला सुटलेलं नाही. त्यालाही सुटलं नसावं. मुलाखतींत त्यानं ही खंत बोलून दाखवली आहे.

बर्लिनच्या फायनलनंतरच्या बुधवारी मी चप्पल लाइनीत गेलो. त्या दहा नंबरचं दुकान मला माहीत होतं. सोळा वर्षं मी त्या बाजूचा रस्ता सोडून चालत होतो, म्हणून चांगलंच माहीत होतं. तो गल्ल्यावर बसला होता. अंगानं सुटला होता. उठताना उजवा पाय आधी सरळ करून मग भार टाकायचा.

"ये, बस," म्हणाला. ओळखलं होतं. चहा सांगितला. मी घसा खाकरून सुरुवात केली, "त्या फायनलला..."

"फाऊल व्हय?" त्यानं मला पुढं बोलू दिलं नाही. "फाऊल खेळात हुतोच की मर्दा. मीबी केल्यात. पन तू उचलाय आला न्हाईस. आमच्यातले दोघं आले, तुमच्यातलेबी दोघं आले. तू तिकडं नाचत हुतास."

मला ते आठवतच नव्हतं. मला गुडघा आठवत होता, गॅलरीचं हसणं आठवत होतं, दूधही आठवत होतं. त्याला उचलणाऱ्या चौघांत आमचे दोघं होते हे मला सोळा वर्षांनी त्याच्याकडून कळलं.

चहा झाला. बराच वेळ कुणी काही बोललं नाही. मग त्यानं माझ्या पायाकडं बघितलं आणि विचारलं, "नंबर किती लागतोय तुला?" आठ, म्हणालो. त्यानं कापशी चपलांचा एक जोड काढला. कर्रकर्र वाजणारा. पैसे पुरते घेतले. एक रुपया सूट दिली नाही. ते मला फार बरं वाटलं.

आता रविवारी पंचवीसेक पोरं येतात, त्यात पाच मुली. दहा ते चौदा वयाची. पहिले तीन महिने मी बॅकच्या पोरांना एकच खेळ देतो. दोघं समोरासमोर. पुढच्याकडं चेंडू, अडवणाऱ्यानं स्वतःचे दोन्ही हात पाठीमागं नेऊन आपल्याच शर्टाचा शेव धरायचा. शेव सुटला की डाव गेला. नजर समोरच्याच्या कमरेवर. हात बांधलेले असले की ओढता येत नाही, ढकलता येत नाही. फक्त बघता येतं आणि पाय हलवता येतात. जेंतिलेतून हात वजा केले की जे राहतं ते पोरांना देतो. त्यातलं निम्मं त्याचं, निम्मं वस्तादांचं. माझं म्हणाल तर तो शर्टाचा शेव. आणि फाऊल झाला की शिट्टी वाजायच्या आत हात पुढं करून समोरच्याला उठवायचं. नाही उठवलं तर पुढचा रविवार मैदानाबाहेर. ही अट चप्पल लाइनीतली.

पोरं विचारतात, सर, हे जंटील कोण? मग कुणीतरी मोबाइल काढतो आणि तीन मिनिटांची चित्रफीत लावतो. त्यात नुसते फाऊल. एकामागून एक, वर ढिनच्याक संगीत. पोरं टाळ्या पिटतात. मला भीती वाटते ती याची. त्या नव्वद मिनिटांतला बहुतेक वेळ चेंडू लांब कुठं तरी होता आणि हा माणूस मॅराडोनाच्या शेजारून नुसता चालत होता, थांबला की थांबत होता, वळला की वळत होता, तोंडातून शब्द नाही. शिकण्यासारखं होतं ते तेवढंच, आणि मोबाइलवरच्या फितीत नेमकं तेच कापून टाकलेलं आहे.

कुवेतहून आलेली ती कॅसेट आता माझ्याकडं आहे. घर पाडताना त्यांच्या घरच्यांनी आणून दिली. 'मॅराडोना' हे बॉलपेनचं अक्षर पुसट झालंय आणि फितीवर पांढरी बुरशी धरलीय. दुरुस्तीवाला म्हणाला, फीत पुसून देतो, पण लावणार कशात? कोल्हापुरात किंवा आसपास कुणाकडं चालू स्थितीतला व्हीसीआर असेल तर कृपया कळवा. एक संध्याकाळ पुरे. भाडं देईन. सतरंज्या आमच्या आम्ही घेऊन येऊ.